सरलाबाई नवाथे आणि चार ओळींचं गाणं

देवासला कारखान्यांच्या मागच्या बाजूला जी जुनी कॉलनी आहे, तिथे सरलाबाई नवाथ्यांना नावाने कुणी हाक मारत नाही. लहानथोर सगळे 'गाण्याच्या मॅडम' म्हणतात. दूधवाला म्हणतो, गॅसवाला म्हणतो, आणि त्यांचे यजमान उमाशंकरसुद्धा चिडले की म्हणतात, "गाण्याच्या मॅडम, चहा मिळेल का?"

बाईंचं माहेर धारचं. आजोबा संस्थानात कारकून होते, वडील शाळामास्तर. घरात पैसा बेताचा, पण पेटी होती. सातव्या वर्षापासून पहाटे उठून सा लावायचा आणि आई हाक मारीपर्यंत सोडायचा नाही, हा शिरस्ता. शिकवणारे गुरुजी कडक होते. त्यांचं एकच सांगणं असे, "पोरी, आवाज छातीतून मोकळा येऊ दे. वर गेल्यावर पातळ करून चोरायचा नाही. तो खोटा आवाज." बाईंनी ते जन्मभर पाळलं. विशारद झाल्या, चोविसाव्या वर्षी लग्न झालं. नवरा सांगलीकडचा, कारखान्यातल्या नोकरीसाठी देवासला आलेला. पुढे मुलींच्या शाळेत संगीत-शिक्षिका म्हणून एकतीस वर्षं काढली. पंधरा ऑगस्टचं समूहगान, स्नेहसंमेलनाचं स्वागतगीत, निरोपाच्या दिवशीचं रडवणारं गाणं, सगळं त्यांनी बसवलेलं. कुणाचा सूर अर्ध्या केसाने उतरला तरी मान वर न करता त्यांना कळायचं. निवृत्तीनंतर गुरुवारी भजनी मंडळाची पेटी तेवढी राहिली.

त्यांचा स्वभाव थोडा ताठ. चुकलं असं म्हणायची सवय नव्हती, कारण सुराच्या बाबतीत तशी वेळच आली नव्हती. बाकी बाबतीत चुका उमाशंकर करीत.

उइके हे उमाशंकरांचे कारखान्यातले सोबती. दोघांनी अठ्ठावीस वर्षं एका शेडमध्ये काढली. उइके फिटर, बैतूलकडचे, लूथरन पंथाचे ख्रिस्ती. लहानपणी मिशनच्या वसतिगृहात वाढले आणि तिथेच चार आवाजांचं गाणं शिकले. देवासला आले तेव्हा त्यांच्यासारखी पाचपन्नास कुटुंबं आणखी आली होती. त्यांनी रेल्वे फाटकापलीकडे एक लहानसं प्रार्थनाघर बांधलं आणि तिथल्या गाण्याची जबाबदारी उइक्यांवर पडली ती चाळीस वर्षं उतरलीच नाही. दर रविवारी दुपारी ते नवाथ्यांकडे चहाला येत. मराठी त्यांना कळे सगळी, बोलत मात्र हिंदी. मधेच एखादा मराठी शब्द टाकत आणि स्वतःच हसत.

बाईंनी त्यांचं गाणं एकदाच ऐकलं होतं, त्यांच्या मुलाच्या लग्नात. साधी, संथ चाल. एका अक्षराला एक सूर, ताना नाहीत, मुरकी नाही. प्रत्येक ओळ संपली की सगळे थांबत, श्वास घेत आणि पुढची ओळ उचलत. उइके म्हणाले होते की याला कोराल म्हणतात, चालीला चारशे वर्षं झाली, जर्मनीतून आली, शब्द आपले हिंदी. ते सगळं ठीक. पण बाईंना अडलं ते दुसरंच. गाणारे चार गट चार वेगवेगळ्या चाली म्हणत होते आणि तरी ते बेसूर नव्हतं. एकतीस वर्षं त्यांनी चाळीस-चाळीस मुलींचे आवाज एका सुरात ओवले होते. कुणी इकडे तिकडे गेली की छडी टेबलावर आपटली होती. इथे सगळेच इकडे तिकडे आणि तरी जुळलेले. घरी येताना त्या उमाशंकरांना म्हणाल्या, "हे कसं होतं मला कळलं नाही." उमाशंकर म्हणाले, "मला तर जेवण काय होतं तेही आठवत नाही." विषय तिथेच राहिला.

त्याला सहा वर्षं झाली. यंदा ऑगस्टमधल्या एका रविवारी उइके आले ते सुनेचा हात धरून. सून कोमल, सौंसरकडची, त्यामुळे तिची बोली मराठीच. आरोग्य केंद्रात नर्स आहे, नेमणूक उदयनगरला. आठवडाभर तिथे राहते आणि शनिवारी संध्याकाळच्या बसने देवासला येते.

उइक्यांनी कप चाचपून धरला. "भाभी, आँख का पर्दा गया. डॉक्टर बोले, बाजू-बाजू का दिखेगा, बीच का नहीं. आता पुस्तक नाही दिसत."

"मग गाण्याचं?"

"गाने का क्या. एक-दो तो मुझे याद हैं, बाकी किताब में पड़े हैं. आणि वो लिखावट हमारे यहाँ कोई नहीं पढ़ता. बच्चे लोग सुनके सीखते हैं, मैं पढ़के सिखाता था. पाद्रीसाहब को बोल दिया है. ऑक्टोबर के आखिरी इतवार को हमारा धर्मसुधार दिवस है, हमारे पंथ का सालाना त्योहार. तब तक किताब पढ़ने का कोई रास्ता नहीं निकला, तो चार आवाज बंद. विपुल कीबोर्ड बजाएगा, सब लोग एक सुर में गा लेंगे."

विपुल हा त्यांच्याकडचा एक तरुण, लोहारद्याला शाळेत शिकवतो, हात चांगला चालतो.

"एका सुरात गाणं वाईट नाही," बाई म्हणाल्या.

"खराब कौन बोला, भाभी. पर ये गाना वैसा नहीं बना."

कोमल म्हणाली, "बाबा रात्री जेवत नाहीत नीट, काकू." उइके म्हणाले, "चुप."

बाई उठल्या, साखरेचा डबा आत ठेवून आल्या आणि उभ्याउभ्याच म्हणाल्या, "मी लिहून देते. सरगममध्ये. सरगम तर वाचतील ना तुमची मुलं? कोणतं गाणं हवं ते सांगा, तुमच्या त्या दिवसाच्या आत बसवूनही देते."

उमाशंकरांनी बायकोकडे पाहिलं. नंतर ते म्हणाले, "अगं, तुला ती लिपी येते?"

"नाही येत. सूर येतो."

पुस्तक जाडजूड, शिवण सुटलेलं. पानोपानी पाच-पाच रेषा आणि त्यांवर मुंग्या लागाव्यात तसे ठिपके. रीत अशी ठरली की कोमलने ठिपका कुठे आहे ते सांगायचं, उइक्यांनी त्याचा सूर सांगायचा आणि बाईंनी वहीत उतरवायचा. रविवारी दुपारी तिघं टेबलाभोवती बसत.

"खालच्या रेषेच्या खाली लटकला हाय," कोमल सांगे. "पोकळ. दांडी वर."

"सा. दो मात्रा."

"मग खालून पहिल्या दोन रेषांच्या मधी. काळा."

"गंधार. एक."

"दुसऱ्या रेषेवर. याच्या डोक्यावर छत्री काढली हाय, मधी टिंब."

"मध्यम. छत्री माने सब रुकेंगे. साँस."

अशा चार ओळी, चार रविवार. पहिली वरची, म्हणजे चाल, ती बाईंना एका दमात पाठ झाली. दुसरी ओळ बायकांच्या खालच्या आवाजाची, तिला ते आल्टो म्हणत. ती लिहिताना बाईंचा हात थांबला. "ही काय चाल झाली? ग ग रे ग म ग. दाराशी उभ्या राहिलेल्या पाहुण्यासारखी. आतही येत नाही, जातही नाही."

"वो अकेली चलने के लिए है ही नहीं, भाभी."

"एकटी म्हटली तर ऐकणाऱ्याला झोप येईल."

"उसको कोई सुनता भी नहीं," उइके हसले. "न हो, तब सुनते हैं. कि क्या गया."

शेवटल्या दिवशी उइक्यांनी सांगितलं, "ऊपर लिख दो, इसका सा पेटी की पांढरी दोन." बाईंनी स्वच्छ अक्षरात चारही ओळी उतरवल्या, वर लाल शाईने लिहिलं: 'पुरुष – पांढरी दोन. महिला – काळी चार.' पुरुषांची पट्टी वेगळी, बायकांची वेगळी, हे त्यांनी इतक्या वर्षांत इतक्यांदा लिहिलं होतं की त्यावर विचार करायचा प्रश्नच नव्हता. काळी चारवर बायकांचा आवाज छातीतून मोकळा लागतो, हे कुणालाही ठाऊक आहे. अकरा प्रती झेरॉक्स झाल्या.

भजनी मंडळात बातमी पोहोचायला वेळ लागला नाही. गुरुवारी मंडळाच्या प्रमुख उमाबाईंनी झांजा खाली ठेवून विचारलं, "सरलाताई, ऐकतेय ते खरं का? चर्चात पेटी वाजवता म्हणे?"

"पेटी नाही वाजवत. लिहून देते."

"काय लिहून देता?"

"सा रे ग म."

"त्यांच्यातही सा रे ग म असतं?"

"सगळ्यांच्यात असतं, उमाबाई. आपल्या आरतीत तेवढं शोधावं लागतं."

बायका हसल्या. उमाबाईही हसल्या, पण झांजा त्या दिवशी जरा जास्तच जोरात वाजल्या.

तालीम वेगवेगळी चालली. पुरुषांची मंगळवारी, उइक्यांच्या अंगणात. बायकांची रविवारी, बाईंच्या बैठकीत, कारण कोमल तेव्हाच असे. दोन्हीकडे बाई असत. मंगळवारी पेटीवर पांढरी दोन धरत, रविवारी काळी चार. सहा जणी होत्या, चौघी चालीवर, कोमल आणि एक प्रौढ बाई आल्टोवर. लोकांचा कान तयार होता, महिन्याभरात दोन्ही बाजू चोख झाल्या. बाई उमाशंकरांना म्हणाल्या, "अवघड काही नाही. शिस्त हवी."

एकत्र तालीम धर्मसुधार दिवसाच्या दोन आठवडे आधी, शनिवारी संध्याकाळी, प्रार्थनाघरात. कोमल बसमधून उतरून तशीच आली होती, पांढऱ्या साडीवर स्वेटर. पाद्रीसाहेब मागच्या बाकावर बसले. उमाशंकरही आले होते, चपला बाहेर काढाव्यात की नाही हे न कळल्यामुळे हातात घेऊन.

बाईंनी आधी बायकांना काळी चार दिली. मग पलीकडे जाऊन पुरुषांना पांढरी दोन दिली. उइक्यांनी बोटांनी मोजलं, एक, दो, तीन.

आणि जे निघालं त्याला काय म्हणावं? एका चौकात दोन वराती समोरासमोर याव्यात आणि दोन्ही बँडवाल्यांनी हटायला नकार द्यावा, तसं काहीतरी. पहिली ओळ कशीबशी छत्रीपर्यंत पोहोचली आणि तिथे जे थांबले ते कुणी पुढे गेलंच नाही. विपुल तोंडावर हात ठेवून हसत होता. पाद्रीसाहेबांनी चष्मा काढून पुसला.

"फिर से," उइके म्हणाले.

पुन्हा तेच.

"ये औरतों की तरफ से है," विपुल म्हणाला. "हम तो मंगलवार को बराबर थे."

"हम भी बराबर थे, भिया," चालीवरची एक म्हणाली. "तू अपना देख."

"फिर आल्टो होगा. कोमल भाभी हफ्ताभर उदयनगर में रहती हैं, प्रॅक्टिस कब करेंगी?"

उइक्यांनी अधू डोळे सुनेच्या दिशेने वळवले. सगळ्यांदेखत म्हणाले, "बहू, तू ही फिसली होगी. तेरे से सब फिसल गए."

कोमलने हातातला कागद नीट घडी करून पर्समध्ये ठेवला.

सरलाबाईंना मात्र पहिल्या ओळीतच कळलं होतं. पांढरी दोनचा सा आणि काळी चारचा सा, दोन्ही एकदम लागले की मधे पडतं तीव्र मध्यमाचं अंतर, कानाला सगळ्यांत खुपणारं. आपल्याकडच्या गाण्यात एक चाल सगळ्यांची, म्हणून पुरुष असोत बायका असोत, जो तो आपल्या पट्टीत गाई आणि एकत्र यायचं झालं तर मधली एखादी पट्टी धरून भागवलं जाई. इथे चार ओळी एकमेकींवर बेतलेल्या होत्या, वीट विटेवर ठेवावी तशा. सगळ्यांचा सा एकच हवा होता. उइक्यांनी तो सांगितलाही होता. चूक लाल शाईत लिहिलेली होती, अकरा जणांच्या हातात होती, आणि ती वाचू शकणारं माणूस त्या खोलीत एकच होतं.

बोलायला हवं होतं. त्यांनी तोंड उघडलंही. पण त्या म्हणाल्या, "आज सगळे दमलेत. बुधवारी पुन्हा बसू."

परतताना उमाशंकरांनी स्कूटर हळू घेतली. "काय झालं गं नेमकं?"

"काही नाही."

"त्या पोरीचं चुकलं?"

फाटक बंद होतं, मालगाडी जात होती. डबे बरेच होते. शेवटचा डबा गेल्यावर बाई म्हणाल्या, "माझं चुकलं." गाडी सुरू करण्याच्या नादात उमाशंकरांना ऐकू आलं नाही, त्यांनी "काय?" विचारलं, आणि दुसऱ्यांदा सांगणं पहिल्यापेक्षा जड गेलं, पण सांगितलं. उमाशंकरांनी जन्मात पहिल्यांदा बायकोच्या तोंडून ते वाक्य ऐकलं. घर आल्यावर म्हणाले, "उद्या सकाळी नेऊन सोडतो तिकडे."

सकाळी कोमल गच्चीवर आठवड्याच्या साड्या वाळत घालत होती. बाई जिना चढून गेल्या, गुडघे धरून उभ्या राहिल्या.

"कोमल, काल तुझं काही चुकलं नव्हतं. मी दोन सा दिले. सगळ्यांना एकच द्यायला हवा होता."

"मले माहीत होतं, काकू."

"तुला माहीत होतं?"

"एका मंगळवारी सुट्टी होती तेव्हा मी बाबांच्या तालमीत बसली होती ना अंगणात. त्यांच्यासोबत माझी ओळ म्हणून पाहिली, मनातल्या मनात. वरूनच लागत होती. तुमच्या घरी खालून लागते."

"मग काल बोलली का नाहीस? सासरे बोलले तुला सगळ्यांसमोर."

कोमलने साडीचं टोक झटकलं. "तुम्ही बोलसान म्हणून थांबली."

बाईंनी बादलीतली दुसरी साडी उचलली आणि तिचं एक टोक धरून उभ्या राहिल्या.

बुधवारी त्यांनी सगळ्यांसमोर सांगितलं. लांबवलं नाही. "सा देताना माझी चूक झाली. कोमलची नाही, कुणाचीच नाही. वरची लाल ओळ खोडून टाका." उइके म्हणाले, "बहू शनिवार को आएगी, तब मैं खुद बोलता हूँ." विपुल म्हणाला, "तो आंटी, दोनों बारातें आपकी ही थीं!" आणि त्या हशात बाईही ओढल्या गेल्या.

पण खोडून भागणार नव्हतं. बायकांना काळी चारवरून उचलून वरच्या पांढरी दोनवर न्यायचं, म्हणजे सहा पट्ट्या चढायच्या. पुरुषांना खाली आणावं तर खालच्या आवाजाचे लोक तळघरात जात. अकरा दिवस राहिले होते. चालीवरच्या बायकांनी पहिल्या दिवशी वरचा सा लावला आणि शेजारचा कुत्रा भुंकू लागला.

"छाती से मत चढ़ो," उइके म्हणाले. "ऊपर आवाज पतला करो. जम्हाई लेते हैं न, गला वैसा खुला, और आवाज सिर में. हमारे हॉस्टल में सब लड़कियाँ ऐसे ही गाती थीं."

सरलाबाई खुर्चीत ताठ झाल्या. पातळ आवाज. डोक्यातला. ज्याच्यासाठी धारच्या गुरुजींनी त्यांना तासभर कोपऱ्यात उभं केलं होतं आणि ज्याच्यासाठी त्यांनी स्वतः किती मुलींना गटातून बाहेर काढलं होतं. त्यांनी एकदा प्रयत्न करून पाहिला. आवाज मधेच फाटला. सदुसष्ट वर्षांच्या गळ्याला नवी वाट सापडेना. पण कसं लावायचं हे त्यांना कळलं होतं, आणि कळलेलं शिकवणं त्यांना आयुष्यभर येत होतं. दुसऱ्या दिवसापासून त्यांच्या बैठकीत चौघी बायका जांभया देत बसू लागल्या. उमाशंकर पेपर वाचता वाचता खरोखरच जांभया देऊ लागले. बाई एकेकीसमोर उभ्या राहून सांगत, "चोर. अजून चोर. जोर नको. हं, आता तसाच राहू दे." चौथ्या दिवशी चाल वर जाऊन बसली. पातळ, पण स्वच्छ. बाईंना ती आवडली का, हे कुणी विचारलं नाही आणि त्यांनी सांगितलं नाही.

अडचण उरली आल्टोची. ती दुसरी बाई लेकीच्या बाळंतपणाला भोपाळला गेली. कोमल एकटी, आणि तीही शनिवार-रविवारची. त्या ओळीला वर जावं लागत नव्हतं, म्हणून बाई म्हणाल्या, "मी उभी राहते."

ग ग रे ग म ग. कागदावर याहून सोपं काही नव्हतं. पण पलीकडून चाल सुरू झाली की बाईंचा गळा आपोआप तिच्यामागे जाई. बैलाला गोठ्याची वाट सांगावी लागत नाही, तसं. त्या परत ओढून आणत, दोन ओळी टिकत, तिसरीला पुन्हा तेच. कोमल शेजारून कागदावर बोट फिरवत राही. "काकू, तिकडे ऐकू नका. खालच्या पुरुषांकडे कान ठेवा." बाई तसं करत. शेवटच्या शनिवारी दोनदा न घसरता पार पडलं. उइके म्हणाले, "बस. अब कल."

रविवारी प्रार्थनाघर भरलं होतं. जागा नव्हती म्हणून उमाशंकर खिडकीपाशी उभे होते. कोरालची पाळी प्रवचनानंतर. विपुलने कीबोर्डवर एकच सूर दिला, पांढरी दोन, सगळ्यांना. उइक्यांचं बोट उठलं.

पहिलं कडवं लागलं. दुसरंही. छत्रीवर सगळे एकदम थांबले, एकदम श्वास घेतला, आणि मागच्या बाकावरचं एक मूल त्या शांततेत शिंकलं. बाईंचे डोळे कागदावर, कान पुरुषांकडे. तिसऱ्या कडव्यात शब्द बदलले. 'तेरी शांति' असं काहीतरी होतं, त्या शब्दावर चाल वर चढत होती, आणि बाईंच्या लक्षात आलं की आपणही चढलो आहोत. आल्टो सोडून त्या चालीवर होत्या. परत यायला त्यांनी ग शोधला, तो सापडला नाही, जो सापडला तो पुन्हा चालीचाच होता. शेजारी कोमलचा आवाज किंचित डळमळला, दोन अक्षरं.

सरलाबाईंनी तोंड मिटलं.

सात वर्षांच्या असल्यापासून, गाणं चालू असताना आपण गप्प उभं राहायचं, असं त्यांना कधी करावं लागलं नव्हतं. कोमल पुढच्या ओळीला सावरली आणि एकटी चालत राहिली, सपाट, शांत, त्याच तीन-चार सुरांत. बाईंना आता करायला काही नव्हतं, म्हणून त्यांनी ऐकलं. वर चाल चालली होती. तळाला उइक्यांचा जाड आवाज पावलं टाकत होता. त्याच्यावर विपुलची ओळ, मधेमधे वर येऊन डोकावणारी. आणि या सगळ्यांच्या पोटात ती दाराशी उभी राहणारी ओळ, जिला एकटं ऐकलं तर झोप यावी. चाल बदलत नव्हती, पण कोमल ग वरून म वर गेली की चालीचा तोच सूर वेगळा वाटे. लग्नात त्यांना कळलं नव्हतं ते हे होतं. चौथ्या कडव्यालाही त्यांनी तोंड उघडलं नाही. कागद मात्र हातात सरळ धरून ठेवला, गात असल्यासारखा.

नंतर अंगणात चहा आणि समोसे होते. उइके खुर्चीत बसून होते, लोक येऊन त्यांचा हात हातात घेत होते. बाई जवळ आल्या तसं त्यांनी पावलांवरून ओळखलं.

"भाभी, तिसरे में कहाँ चली गई थीं?"

"चालीवर गेले. परत येता येईना, म्हणून थांबले."

"चौथे में भी?"

"चौथ्यातही."

"अच्छा किया. मैं होता तो जोर से गाता. गलती वाला आदमी अक्सर जोर से गाता है."

पाद्रीसाहेब समोसा घेऊन आले आणि त्यांनी विचारलं की पुढच्या वर्षीचं काय धरायचं, कीबोर्डचा विचार करायचा का. उइके म्हणाले, "किताब पढ़ी जा रही है, साहब. धीरे-धीरे. बहू ठिपके बताती है, मैं सुर बताता हूँ, भाभी लिखती हैं. मैं नहीं रहा तो ये दोनों अब ठिपके समझती हैं. चार आवाज चलेगा." पाद्रीसाहेबांनी बाईंकडे पाहिलं.

"लिहीन मी," बाई म्हणाल्या. "डिसेंबरच्या सणाचं गाणं आधी घेऊ, तेवढा वेळ आहे. तालीमही घेईन. पण गायला उभी राहणार नाही."

कोमल ताटल्या गोळा करत होती, ती वळली. "मग आल्टोवर मी एकटी?"

"आज एकटीच होतीस."

"आज मले माहीत नव्हतं ना. तुम्ही गप झाल्या ते मले उशिरा समजलं. आधी समजलं असतं तर मी पण गप झाली असती."

"म्हणूनच कागद धरून उभी होते," बाई म्हणाल्या.

कोमल हसली नाही. हातातल्या ताटल्या तिने सरळ केल्या आणि म्हणाली, "एक बाई आणखी शोधा पण. मी बदली मागतली हाय, नाही मिळाली तर प्रत्येक रविवारी येणं नाही होत."

"शोधू," सरलाबाई म्हणाल्या, आणि अंगणात चहा घेत उभ्या असलेल्या बायकांकडे एकेक करून पाहू लागल्या.